आधी लागलो, तरी मागे का?

दाभोळच्या धक्क्यावर जंगलजेटीची वाट बघत उभं राहा. खाडीपलीकडे धोपावे दिसतं, तिथून गुहागर तालुका सुरू होतो. या रांगेत सरकारी नोकरीतली माणसं हमखास भेटतात. कुणी पलीकडे बदली झालेले गुरुजी असतात, कुणी आरोग्य केंद्रातल्या बाई, तर कुणी पंचायत समितीतले लिपिक. बोट यायला अवकाश असला की बोलणं नोकरीवर येतं आणि थोड्याच वेळात दोन प्रश्न निघतात.

पहिला प्रश्न : "मी २००४ साली लागलो. तो २००९ साली आला. आज तो माझा साहेब आहे. हे कसं?"

दुसरा : "माझ्याकडे दोन पदव्या, त्याच्याकडे एक. तरी बढती त्याला. हे कसं?"

दोन्हीतली खंत एकच आहे, पण कायद्याच्या नजरेत हे दोन वेगळे प्रश्न आहेत. पहिला ज्येष्ठतेचा, दुसरा पात्रतेचा. त्यांची सरमिसळ झाली की हक्काची बाजूही हरते. म्हणून या प्रकरणात दोन्ही धागे आधी वेगळे करू, मग ते एकमेकांत कुठे गुंततात ते पाहू.

१. रांगेतला नंबर आणि बोटीचं तिकीट

ज्येष्ठता म्हणजे रांगेतला नंबर. पात्रता म्हणजे बोटीवर चढायला लागणारं तिकीट.

तिकीट असलं म्हणून कुणी रांगेत पुढे जात नाही. दोन तिकिटं काढली तरी नंबर तोच राहतो. उलट, नंबर पहिला असला तरी तिकिटाशिवाय बोटीत पाऊल टाकता येत नाही. वर विचारलेल्या दुसऱ्या प्रश्नाचं अर्धं उत्तर इथेच आहे. नियमाने एक पदवी मागितली असेल तर दुसरी पदवी ज्ञान वाढवते, नंबर वाढवत नाही.

ज्येष्ठता वयावर ठरत नाही आणि पगारावरही ठरत नाही. एका संवर्गात, म्हणजे एकाच प्रकारच्या पदांच्या गटात, कोण आधी आणि कोण नंतर याचा तो क्रम असतो. लिपिकांची रांग वेगळी, अव्वल कारकुनांची वेगळी. एका रांगेत वीस वर्षं काढलेला माणूस बढतीनंतर दुसऱ्या रांगेत जातो तेव्हा तिथे तो नवा असतो.

महाराष्ट्रात राज्य कर्मचाऱ्यांसाठी हा क्रम १९८२ च्या ज्येष्ठता विनियमन नियमांनी ठरत असे. २०२१ मध्ये त्यांच्या जागी नवे नियम आले. मूळ तत्त्व सोपं आहे : त्या पदावर नियमानुसार नेमणूक झाल्यापासूनची अखंड सेवा मोजायची. एकाच निवड परीक्षेतून आलेल्यांत मात्र गुणवत्ता यादीतला क्रम चालतो, कोण दोन दिवस आधी हजर झाला हे नाही. म्हणून घराजवळचं कार्यालय मिळालेला उमेदवार सोमवारी रुजू झाला आणि यादीत त्याच्या वरचा उमेदवार मुदतीच्या आत शुक्रवारी पोचला, तरी शुक्रवारचा माणूसच ज्येष्ठ.

२. दोन रस्ते, एक धक्का

आता कल्पना करा की धक्क्यावर दोन रस्त्यांनी गाड्या येतात आणि बोट एकच आहे. सरकारी पदांचंही असंच असतं. काही जण स्पर्धा परीक्षा देऊन थेट त्या पदावर येतात. त्याला सरळसेवा म्हणतात. काही जण खालच्या पदावरून बढतीने येतात. दोघांची रांग एक कशी करायची?

एक उपाय म्हणजे या रस्त्याची एक गाडी, मग त्या रस्त्याची एक. मुंबईच्या कस्टम्समध्ये अप्रेझर, म्हणजे आयात मालाचं मोल ठरवणारे अधिकारी, यांची यादी अशी आळीपाळीने लावली जाई. तिला आव्हान मिळालं आणि १९६६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने त्या पदापुरती ही पद्धत ग्राह्य धरली. दोन स्रोतांना ठरलेला वाटा असेल तर यादीतही त्या वाट्याप्रमाणे क्रम लावता येतो, असा त्याचा अर्थ.

पण या पद्धतीत एक खाच आहे. एका रस्त्यावरून वर्षानुवर्षं गाडीच आली नाही तर? सरळसेवेची भरती पाच-सहा वर्षं थांबते, कामं मात्र थांबत नाहीत. मग बढतीने आलेली माणसं त्यांच्या वाट्याहून अधिक जागा भरतात आणि काम ओढतात. नंतर एकदम भरती होते. नवे उमेदवार म्हणतात, आमच्या वाट्याच्या जागा मागे रिकाम्या होत्या, आम्हाला तिथे बसवा. ज्या वर्षी ते कॉलेजात होते त्या वर्षीच्या जागेवर त्यांचं नाव लागतं आणि तेव्हा नोकरी करणारा माणूस खाली जातो. "पाच वर्षांनी आलेला माझा साहेब कसा" या प्रश्नाचं मूळ बहुतेक वेळा अशा ठिकाणी सापडतं.

३. 'कायम' कधी झालात?

या वादातला सगळ्यात मोठा लढा महाराष्ट्रातच लढला गेला आणि तो उपअभियंत्यांचा होता. रस्ते, पूल, धरणं बांधणारी ही माणसं. त्यांत सरळसेवेने आलेले होते आणि कनिष्ठ पदावरून बढतीने वर आलेलेही. काम दोघांचं एकच, पण ज्येष्ठता मोजताना बढतीवाल्यांची मोजणी पदावर 'कायम' झाल्याच्या दिवसापासून होई.

एक कल्पित उदाहरण घेऊ. 'अ' १ जून १९६२ रोजी बढतीने उपअभियंता झाला. 'ब' १ जून १९६६ रोजी परीक्षा देऊन थेट उपअभियंता झाला. 'ब' दोन वर्षांच्या परिविक्षेनंतर १९६८ मध्ये कायम झाला. 'अ'चा कायम करण्याचा कागद मात्र टेबलांवर फिरत राहिला आणि त्याला १९७१ उजाडलं.

कायम होण्याची तारीख धरली, तर १९६८ चा 'ब' वर आणि १९७१ चा 'अ' खाली. पदावर आल्याची तारीख धरली, तर १९६२ चा 'अ' वर.

पहिल्या पद्धतीत 'अ'चा दोष कोणता? काहीच नाही. त्याचा कागद कुणी हलवला नाही, एवढंच. धक्क्यावर चार तास आधी आलेल्या माणसाला खिडकीतून पावती उशिरा मिळाली, म्हणून त्याला रांगेच्या शेवटी पाठवण्यासारखं हे होतं.

१९७७ मध्ये पटवर्धन विरुद्ध महाराष्ट्र राज्य या खटल्यात न्यायमूर्ती यशवंत चंद्रचूड यांनी निकाल लिहिला. कायम होणं हे ना माणसाच्या कर्तबगारीवर अवलंबून असतं, ना जागा रिकामी असण्यावर. सरकारी नोकरीतली ती एक लाजिरवाणी अनिश्चितता आहे, असा त्यांच्या म्हणण्याचा आशय. अशा लहरी गोष्टीवर ज्येष्ठता टांगणं हा समानतेचा भंग आहे, असं न्यायालयाने ठरवलं.

वाद तरी संपला नाही. सरळसेवेच्या अभियंत्यांची संघटना पुढे गेली आणि २ मे १९९० रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने निकाल दिला. त्या निकालाच्या शेवटी अकरा निष्कर्ष क्रमाने मांडले आहेत. देशभर ज्येष्ठतेचा कुठलाही खटला उभा राहिला की वकील आजही आधी ते काढतात. त्यांतले चार सर्वसामान्य वाचकाने लक्षात ठेवावेत असे आहेत.

एक, नियमानुसार नेमणूक झाली असेल तर ज्येष्ठता नेमणुकीच्या दिवसापासून, कायम झाल्याच्या दिवसापासून नाही.

दोन, नेमणूक नियम सोडून निव्वळ वेळ मारून नेण्यासाठी, तात्पुरती झाली असेल, तर तो काळ मोजायचा नाही.

तीन, नेमणुकीच्या पद्धतीत उणीव राहिली, पण माणूस नियमित होईपर्यंत त्या पदावर अखंड राहिला, तर तो काळ मोजायचा.

चार, दोन स्रोतांच्या वाट्याचा नियम मोडून पडला असेल आणि एका बाजूची माणसं बाकी रीत पाळून आली असतील, तर नंतर आलेल्यांनी त्यांना खाली ढकलायचं नाही.

दुसरा आणि तिसरा निष्कर्ष शेजारी ठेवले की बहुतेक भांडणांचं मर्म कळतं. आपल्याकडे बढतीच्या आदेशात "तात्पुरत्या स्वरूपात", "तदर्थ", "ज्येष्ठतेचा हक्क राहणार नाही" असे शब्द असतात. नियमाबाहेर, निव्वळ सोयीसाठी मिळालेल्या अशा सेवेला मंत्रालयाच्या भाषेत 'अभावित' म्हणतात आणि ती ज्येष्ठतेत धरत नाहीत. बढतीचे पेढे वाटण्याआधी आदेशाची शेवटची ओळ वाचावी ती यासाठी.

४. उंबरठा कोण ठरवतो?

आता पात्रतेकडे येऊ. नोकरीच्या जाहिरातीत साधारण दोन प्रकारच्या अटी असतात. एक आवश्यक अर्हता, म्हणजे घराचा उंबरठा. दुसरी प्राधान्याची अर्हता, म्हणजे उंबरठा ओलांडून आत आलेल्यांत कुणाला पुढे बसवायचं याची खूण. उंबरठ्याबाहेर उभं राहून पुढचा पाट मागता येत नाही.

हे महाराष्ट्रातल्याच एका खटल्याने स्पष्ट केलं. अन्न व औषध प्रशासनातल्या औषध निरीक्षक आणि सहायक आयुक्त पदांसाठी राज्य लोकसेवा आयोगाने जाहिरात दिली. औषधनिर्मितीचा किंवा औषध चाचणीचा अनुभव आवश्यक होता. प्रयोगशाळेतल्या संशोधनाच्या अनुभवाला प्राधान्याचा उल्लेख होता. केवळ संशोधनाचा अनुभव असलेले उमेदवार म्हणाले, आमचा अनुभव तोलामोलाचा आहे, आम्हाला पात्र धरा. खालच्या पातळीवर त्यांचं म्हणणं मान्य झालं. सर्वोच्च न्यायालयाने ३ मे २०१९ रोजी ते फिरवलं. कामाला कोणती पात्रता हवी हे नेमणूक करणाऱ्याने ठरवायचं. एक पात्रता दुसरीच्या बरोबरीची आहे की नाही, हे न्यायालयाने आपल्या मनाने ठरवू नये. आवश्यक अट पुरी केल्यानंतरच प्राधान्याचा विचार येतो.

दुसरा हमखास वाद तारखेचा. अर्जाची शेवटची तारीख ३० जून, बी.एड.चा निकाल १० जुलैला. मुलाखत सप्टेंबरात, तेव्हा प्रमाणपत्र हातात आहे. उमेदवार पात्र आहे का? जाहिरातीत वेगळी तारीख दिलेली नसेल तर नाही. न्यायालयांनी हे ठाम धरलं आहे, आणि त्यामागचा विचार आपल्या माणसांनी समजून घ्यावा असा आहे. दापोली तालुक्यातल्या एखाद्या वाडीवरच्या मुलीचा निकालही १० जुलैलाच लागायचा होता. "३० जूनला पात्र हवं" हे वाचून तिने प्रामाणिकपणे अर्जच केला नाही. दुसऱ्याला सवलत दिली, तर न्यायालयाच्या दारात कधीच न आलेल्या त्या मुलीवर अन्याय होतो.

५. पात्रता जेव्हा रांग बदलते

आतापर्यंत म्हटलं की तिकिटाने नंबर बदलत नाही. पण काही ठिकाणी नियमच असा असतो की तिकीट काढल्याशिवाय रांग सुरू होत नाही.

खासगी अनुदानित माध्यमिक शाळा घ्या. तिथे १९७७ चा अधिनियम आणि १९८१ ची नियमावली लागू आहे. ज्येष्ठतेसाठी शिक्षकांचे प्रवर्ग पाडलेले आहेत आणि त्यांतला 'क' प्रवर्ग प्रशिक्षित पदवीधरांचा. एक शिक्षक १९९८ मध्ये डी.एड. होऊन लागला आणि नोकरी सांभाळून २००६ मध्ये बी.ए., बी.एड. झाला. दुसऱ्या बाई २००२ मध्ये बी.एस्सी., बी.एड. होऊनच आल्या. मुख्याध्यापकपदासाठी ज्येष्ठ कोण? शाळेत आधी आले ते गुरुजी. 'क' प्रवर्गात आधी आल्या त्या बाई. नियम प्रवर्गाची तारीख पाहतो, म्हणून बाई ज्येष्ठ. सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये महाराष्ट्रातल्या एका शाळेच्या वादात हेच तत्त्व लावलं. प्राथमिक शाळेची रांग मात्र वेगळ्या नियमाने लागते, म्हणून एका शाळेचा दाखला दुसरीला लावू नये.

महसूल खात्यातही लिपिकाला ठरलेल्या मुदतीत आणि ठरलेल्या संधींत अर्हता परीक्षा द्यावी लागते. ती चुकली तर नोकरी राहते, पण पास झालेले सहकारी पुढे सरकतात.

अलीकडचा सर्वांत मोठा निकाल शिक्षक पात्रता परीक्षेचा, म्हणजे 'टीईटी'चा. महाराष्ट्रातल्या एका प्रकरणापासून निघालेल्या या खटल्यात १ सप्टेंबर २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की पहिली ते आठवीच्या जुन्या शिक्षकांनाही ही परीक्षा चुकणार नाही. निवृत्तीला पाच वर्षांहून अधिक काळ असेल तर दोन वर्षांत ती पास व्हायची. पाच वर्षांहून कमी उरली असतील तर परीक्षेविना सेवा पुरी करता येईल, पण बढती मिळणार नाही. अल्पसंख्याक संस्थांना ही अट लागू करायची का, हा प्रश्न मोठ्या पीठाकडे सोपवला गेला.

वीस-पंचवीस वर्षं फळ्यापुढे उभ्या राहिलेल्या गुरुजींना हे जिव्हारी लागलं असेल, आणि ती वेदना खरी आहे. पण इथे न्यायालयाने ज्येष्ठता काढून घेतलेली नाही. रांगेतला नंबर तोच आहे. पण पाच वर्षांहून अधिक नोकरी उरलेल्यांना आहे त्या बोटीत राहण्यासाठीही आणि बाकीच्यांना पुढच्या बोटीसाठी नवं तिकीट लागेल, असं सांगितलं आहे. मुलांना शिकवणाऱ्याची पात्रता हा मुलांच्या हक्काचा भाग आहे, अशी त्यामागची भूमिका आहे.

६. यादी लागली, आता काय?

इथवरचं सगळं समजून घेतलं आणि पुढचं चुकलं, तर उपयोग नाही.

खातं दरवर्षी १ जानेवारीची स्थिती दाखवणारी ज्येष्ठता यादी काढतं. आधी तात्पुरती यादी, तिच्यावर हरकती, मग अंतिम. ती हातात पडली की बहुतेक जण स्वतःचा नंबर पाहतात आणि बाजूला ठेवतात. खरं तर चार रकाने पाहावेत : संवर्गातल्या नेमणुकीची तारीख, नेमणुकीचा मार्ग, पात्रता मिळवल्याची तारीख आणि आपल्या लगेच वर असलेल्या दोन-तीन नावांच्या याच तारखा. त्या आपल्या सेवापुस्तकाशी ताडून पाहाव्यात. चूक दिसली तर मुदतीत लेखी हरकत द्यावी आणि पोच घ्यावी. तोंडी सांगितलेल्या हरकतीचा पुरावा राहत नाही.

हरकत फेटाळली तर? राज्य सरकारचा कर्मचारी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे 'मॅट'मध्ये जातो. हे १९९१ मध्ये सुरू झालं. मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे त्याची पीठं आहेत. जिल्हा परिषदेच्या कर्मचाऱ्याला मॅट नाही. त्याला खात्यातली अपिलं आणि मग उच्च न्यायालय. खासगी शाळेतल्या शिक्षकाला बढतीत डावललं तर शाळा न्यायाधिकरण, आणि तिथे मुदत फक्त ३० दिवसांची. दाभोळच्या माणसाला उच्च न्यायालयासाठी पूर्वी मुंबई गाठावी लागे. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालं आणि रत्नागिरी जिल्हा त्याच्या कक्षेत आला.

मॅटची मुदत नीट समजून घ्या. अंतिम आदेशापासून एक वर्ष. अर्ज करून सहा महिन्यांत उत्तरच आलं नाही, तर ते सहा महिने संपल्यावर एक वर्ष. साहेबांवर विश्वास ठेवून माणसं दरवर्षी एक स्मरणपत्र देत राहतात आणि त्यांना वाटतं आपला दावा जिवंत आहे. स्मरणपत्रांनी मुदत वाढत नाही. डावललं गेल्यास सहा महिन्यांत, फार तर वर्षभरात दाद मागावी, असं सर्वोच्च न्यायालयाने १९७४ सालापासून सांगितलं आहे. कारण दहा वर्षांनी यादी उलटी केली, तर मधल्या काळात त्या यादीवर विसंबलेल्या दहा जणांचे संसार हलतात. याच कारणासाठी खटल्यात ज्यांच्या वर तुम्हाला जायचं आहे, त्यांनाही पक्षकार करावं लागतं. त्यांचं ऐकल्याशिवाय त्यांना खाली उतरवता येत नाही.

काय मागायचं तेही ठाऊक हवं. बढती हा हक्क नाही. बढतीसाठी आपला विचार होणं हा हक्क आहे. जुन्या हैदराबाद राज्यातून महाराष्ट्राकडे आलेल्या महसूल अधिकाऱ्यांच्या खटल्यात १९७३ मध्ये घटनापीठाने हा भेद मांडला. योग्य वेळी विचार झाला नसेल आणि झाला असता तर बढती मिळाली असती, तर त्या आधीच्या दिवसापासून बढती धरतात. त्याला 'मानीव दिनांक' म्हणतात. नंबर परत मिळतो. थकबाकी मिळेलच असं नाही.

७. एक राजीनामा

शेवटी याच मुलखातली एक गोष्ट. चिपळूणजवळच्या परशुरामला १८८० मध्ये जन्मलेले पांडुरंग वामन काणे दापोलीच्या मिशन हायस्कूलात शिकले. वडील दापोलीत वकिली करत. पुढे काणे सरकारी शिक्षक झाले, आधी रत्नागिरीला, मग मुंबईच्या एल्फिन्स्टन हायस्कूलात. संस्कृतचा गाढा व्यासंग असूनही कॉलेजातल्या जागेवर त्यांना डावलून त्यांच्याहून कनिष्ठ माणूस नेमला गेला. १९११ मध्ये त्यांनी सरकारी नोकरी सोडली आणि मुंबईच्या उच्च न्यायालयात वकिली सुरू केली. धर्मशास्त्राचा पाच खंडांचा इतिहास त्यांनी त्यानंतर लिहिला. १९६३ मध्ये ते भारतरत्न झाले.

काणे यांचं नाव मोठं झालं, म्हणून ही गोष्ट आपल्यापर्यंत आली. त्यांच्या काळात डावलल्या गेलेल्या बाकीच्या कारकुनांच्या आणि मास्तरांच्या हाती विनवणीचा अर्ज किंवा राजीनामा, एवढंच होतं. २६ जानेवारी १९५० पासून राज्यघटनेच्या सोळाव्या अनुच्छेदाने सरकारी नोकरीत समान संधी हा हक्क केला. आज दाभोळच्या लिपिकाला वरच्या साहेबाची मर्जी नको. नियम, यादी आणि तारीख त्याच्या बाजूला उभी राहू शकते. अट एवढीच की यादी लागेल त्या दिवशी त्याने ती वाचावी, आणि चूक असेल तर हरकतीचा कागद मुदत संपण्याआधी आवक खिडकीत देऊन त्यावर शिक्का घ्यावा.